अडसराकडे गेलेला हात

जागा: एका श्वासाची.

किल्ल्याचं दार बंद आहे. आत द्वारपाल उभा आहे.

एवढंच बसतं. लगेच घोड्यांच्या टापा सुरू होतात, आणि टापांवर बोलायचं नाही. सिनेमा बोलत असला की आपण गप्प, तो गप्प झाला की आपण. "थोरल्या जावेपुढे धाकटीनं वागावं तसं," असं रेकॉर्डिस्ट म्हणतो. तो काचेपलीकडे बसतो आणि बारकीचं वाक्य लांबलं की स्वतःच्या गळ्यावरून बोट फिरवतो.

बारकीचं काम असं: ज्यांना दिसत नाही त्यांच्यासाठी, दोन संवादांच्या मधल्या फटीत, पडद्यावर काय चाललंय ते सांगायचं. लिहायचंही तिनंच, बोलायचंही तिनंच. फटीला हे लोक 'जागा' म्हणतात. नियम एकच, पण कडक. जे दिसतं तेवढंच सांगायचं. 'तो दुःखी आहे' असं म्हणायचं नाही, 'तो मान खाली घालतो' म्हणायचं. अर्थ लावणं हे ऐकणाऱ्याचं काम.

ऐकणारा म्हणजे दादा. तिचा सख्खा थोरला भाऊ. सिनेमा बाहेर पडण्याआधी ज्याला दिसत नाही असं कुणीतरी तो ऐकून तपासतं, आणि तलवारींचे, शपथांचे सिनेमे असले की बारकी दादालाच बोलावते. त्यातलं त्याला कळतं तेवढं कुणालाच कळत नाही.

जागा: लहानपण मावेल एवढी.

सुट्टीच्या दिवशी दोघं एका रजईत बसून असले सिनेमे बघायचे. दिलेला शब्द मोडण्यापेक्षा मान कापून देणारी माणसं. अपमान झाला तरी आवाज न चढवणारी, नुसती पाठ फिरवून ताठ बसणारी. दादाला ती पाठ फार आवडायची. आई रागावली की तोही तसाच बसायचा, उशी मांडीवर घेऊन, आणि आई म्हणायची, "आले महाराज! जेवायला वाढू का नजराणा पाठवू?"

मग दादाचे डोळे कडांकडून मध्याकडे जात जात गेले. शेवटचं थोडं दिसत होतं तेव्हा त्यानं बारकीकडून शब्द घेतला, अगदी सिनेमातल्यासारखा, तिचा हात स्वतःच्या डोक्यावर ठेवून.

"जे दिसेल ते सांगशील. गोड करून नाही. कमी करून नाही."

"नाही."

"शब्द?"

"शब्द."

जागा: एका प्रश्नाची.

"वहिनी दिसली का गं वाटेत? फोन उचलत नाहीये," एके दिवशी बारकी घरी आली तेव्हा दादानं विचारलं.

"दिसली. बसथांब्याच्या बाकावर होती. एका माणसाच्या खांद्यावर डोकं टेकवून."

"कोण माणूस?"

"ओळखत नाही. राखाडी शर्ट, चष्मा."

"बरं," दादा म्हणाला, आणि गप्प बसला.

यातलं एक अक्षर खोटं नव्हतं. हे बारकी स्वतःला नंतर पुष्कळदा सांगणार होती.

त्याच चौकटीत आणखीही होतं. सुजलेले डोळे. पायातून निसटून रस्त्यावर पालथी पडलेली एक चप्पल, जिचा वहिनीला पत्ता नव्हता. मांडीवर लांबट पाकीट, त्यावर आवळलेला हात. मागे तपासणी केंद्राची पाटी.

जागा: बाराखडीतलं एकही अक्षर न मावणारी.

दादानं वहिनीला काही विचारलं नाही. योद्धा विचारत नाही. त्यानं पाठ फिरवली. भांडला नाही, आवाज चढवला नाही, मीठ हवं असलं तर 'मीठ' म्हणाला. वहिनी एकदा त्याच्यासमोर येऊन बसली तर उठून खिडकीशी गेला, आणि ज्या खिडकीतून त्याला काहीच दिसत नव्हतं तिच्यातून बाहेर बघत राहिला. शेवटी ती बॅग भरून बहिणीकडे निघून गेली.

मग तिचा बारकीला फोन आला. एरवी ती चेष्टेनं 'वन्सं' म्हणायची. त्या दिवशी म्हणाली नाही.

"त्या दिवशी बसथांब्यावरून जाताना दिसली होतीस मला. तू काय सांगितलंस त्याला?"

"जे दिसलं ते."

"मग मी रडताना दिसले नाही तुला?"

बारकीनं फोन दुसऱ्या कानाला लावला.

"तो माझा मावसभाऊ होता. तिथंच कामाला आहे. छातीत गाठ निघालीय माझ्या. त्याच रात्री सांगणार होते मी ह्याला. पण ह्यानं पाठ फिरवली ती फिरवलीच."

"वहिनी, मी आत्ता जाऊन—"

"नाही. तू आता काही सांगायचं नाहीस. पुष्कळ सांगून झालंय तुझं. त्याला विचारावंसं वाटलं तर तो विचारेल. ऑपरेशन आहे, ताई आहे सोबत. तू शब्द दे मला."

बारकीनं दिला. ती तशाच रजईत वाढली होती. दिला की दिला.

आता तिच्याकडे दोन शब्द होते, आणि ते एकमेकांच्या उरावर बसले होते.

जागा: रेकॉर्डिंगची खोली.

उद्या ऑपरेशन आहे. आज दादा सोफ्यावर बूट काढून बसलाय आणि मजेत आहे. म्हणजे मजेत असल्यासारखा बसलाय. बारकीला स्वतःचीच दुरुस्ती करायची सवय लागलीय.

सिनेमा असा. द्वारपालानं राजाला शब्द दिलाय, सूर्य उगवेपर्यंत दार उघडणार नाही, कुणीही आलं तरी. रात्री त्याचा धाकटा भाऊ जखमी होऊन दाराशी येतो. ठोठावतो. हाका मारतो. आतला हलत नाही. सकाळी दार उघडतं तेव्हा भाऊ उंबऱ्यापाशी पडलेला असतो. राजा येतो आणि द्वारपालाला स्वतःची तलवार बहाल करतो. संगीत वर चढतं, इतकं की तिथं वर्णनाला जागाच नाही.

निर्मात्याकडून खास निरोप होता: हाकांच्या वेळी 'त्याचा चेहरा दगडासारखा आहे' असं घ्या, ऐकणाऱ्याची छाती फुगली पाहिजे. बारकीनं तसं घेतलं होतं. चेहरा खरंच हलत नव्हता.

"वा," दादा म्हणाला. "ह्याला म्हणतात माणूस."

"मला तर बाबा हा घरात नको," रेकॉर्डिस्टचा आवाज स्पीकरवर आला. "माझी बायको रोज किल्ली विसरते."

"तुझ्यासारख्यांमुळेच किल्ले पडले."

"माझ्यासारखे होते म्हणून आत-बाहेर करणारे जगले, दादा."

दादा हसला. मग म्हणाला, "बारके, तिसऱ्या हाकेला एक आवाज येतो. बारीक. लाकडाला काहीतरी लागल्यासारखा. ते काय आहे?"

बारकीनं पडद्याकडे बघितलं. बघायची गरज नव्हती.

"त्याचा हात," ती म्हणाली. "खाली, कोपऱ्यात. अडसराकडे जातो आणि परत येतो."

"हात गेला होता?"

"हो."

"मग ते सांगितलं का नाहीस?"

"जागा नव्हती. एकच वाक्य बसत होतं. चेहरा घेतला."

"अगं वेडे, चेहरा काय करायचाय? चेहरा तर सगळेच सांभाळतात." दादा सोफ्यावर पुढे सरकला. "हात गेला म्हणजे त्याला उघडायचं होतं. हात नसला तर तो नुसता धोंडा. चेहरा काढ. हात घे."

बारकी काचेआड गेली. माइकसमोर उभी राहिली. रेकॉर्डिस्टनं बोट दाखवलं.

"तिसऱ्या हाकेला त्याचा उजवा हात अडसराकडे जातो. बोटं लाकडाला टेकतात. हात—"

पुढचे दोन शब्द होते, 'परत येतो'.

"काय झालं? जागा आहे अजून," रेकॉर्डिस्ट म्हणाला. "पुन्हा घेऊ."

"दादा," बारकी माइकमध्येच म्हणाली, "वहिनीच्या हातात पाकीट होतं."

बाहेरच्या खोलीत तिचा आवाज स्पीकरमधून आला, स्वच्छ, कमावलेला, सिनेमाचं वर्णन करणारा. दादानं मान वर केली. तो आवाज खोलीच्या दोन्ही कोपऱ्यांतून येत होता आणि कुठे तोंड करावं हे त्याला कळेना.

तिनं सांगितलं. पाकीट, पाटी, चप्पल, डोळे. मग फोन. मावसभाऊ. गाठ. उद्या. वहिनीला दिलेला शब्दही सांगितला आणि तो आत्ता मोडत असल्याचंही. रेकॉर्डिस्टनं कानावरचा हेडफोन काढून टेबलावर ठेवला आणि कुठलंसं काम आठवल्यासारखा बाहेर निघून गेला.

"राखाडी शर्ट दिसला तुला," दादा म्हणाला. "चष्मा दिसला. आणि तिचे डोळे दिसले नाहीत."

"दिसले."

"मग?"

"जा—" ती सवयीनं म्हणायला गेली आणि थांबली. "जागा होती, दादा. तू 'बरं' म्हणून गप्प बसलास ना, ती सगळी जागाच होती. मी बोलले नाही."

"का?"

"तू विचारलंस म्हणून. लग्न झाल्यापासून तू मला काही विचारणंच बंद केलं होतंस. जे ते तिला. त्या दिवशी तिच्याबद्दल मला विचारत होतास. बरं वाटलं मला." तिला वाटलं हे इतकं लहान आहे की माइकमध्ये ऐकूच जाणार नाही. गेलं.

दादा वाकून चाचपडत बूट शोधू लागला. एक सापडला.

"आणि मी," तो बुटाशी बोलल्यासारखा म्हणाला. "मी आवाज चढवला नाही. मला वाटायचं, केवढा मोठा माणूस मी. रोज रात्री ती पलीकडे झोपायची आणि मी ताठ पडून राहायचो. ती रडायची ते ऐकू यायचं, बारके. ऐकू तर मला येतं. म्हटलं, पश्चात्ताप असेल."

बारकीनं बाहेर येऊन दुसरा बूट त्याच्या पायाशी सरकवला.

"बांध," तो म्हणाला. "माझे हात चालत नाहीयेत."

जागा: तिसऱ्या मजल्यावरचं दार.

वहिनीच्या बहिणीच्या इमारतीचा जिना चढताना दादानं बारकीचं कोपर धरलं होतं, पण एरवीसारखं नाही. जिन्याचा कठडा धरावा तसं.

"काय दिसतंय?"

"दार. तपकिरी. मध्ये बघायचं भिंग."

त्यानं स्वतःच चाचपून घंटा वाजवली. आतून पावलं आली. दारापर्यंत आली आणि थांबली.

"आता?"

"भिंगातला उजेड गेला."

"म्हणजे?"

म्हणजे काय ते ऐकणाऱ्यानं लावायचं. तरी बारकीनं लावलं.

"म्हणजे ती पलीकडे उभी आहे. आपण दोघं तिला दिसतोय. मला बघून तिला कळलंय की मी शब्द मोडला, आणि ती चिडलीय. आणि घाबरलीय. हे मला दिसत नाहीये, दादा. मला वाटतंय."

दादानं मान हलवली. तळहात दारावर सपाट ठेवला आणि कपाळ जवळ नेलं.

"कशी आहेस?" तो दाराला म्हणाला. मग बहुतेक ते फार छोटं वाटलं असावं. "मी विचारायला आलोय गं. काय झालंय, कुठे दुखतंय, सगळं. विचारायला हवं होतं. विचारलं नाही."

वरच्या मजल्यावर कुणाचा तरी कुकर वाजला. खाली कुणी मोटरसायकल बंद केली. दादाची पाठ वाकलेली होती. एवढी वाकलेली ती बारकीनं कधीच बघितली नव्हती.

आत कडीला हात लागला. लोखंडावर लोखंड, अगदी बारीक. कडी निघाली नाही.

"हात आला," दादा पुटपुटला.

"हो," बारकी म्हणाली. पुढचं तिनं सांगितलं नाही. ही जागा तिची नव्हती. ती दोन पायऱ्या खाली उतरली, जिथून भिंगातून ती दिसली नसती, आणि भिंतीला टेकून उभी राहिली.