डिक्कीतली वांगी

पाय मोडला मनकर्णाबाईचा आणि आधी दुरुस्त झाली धनंजयची गाडी! आता याला काय म्हणावं? हिंगणीच्या घरात खाटेवर पडल्यापडल्या बाईच्या डोक्यात हाच किडा वळवळत होता. शेजारच्या धनंजयच्या गाडीत बसून ती वर्ध्याच्या बाजारात भाजी विकायला निघाली होती. वाटेत रानडुक्कर आडवं आलं आणि गाडी नालीत गेली. धनंजयला नुसतं खरचटलं, बाईच्या मांडीचं हाड मोडलं. एक ऑपरेशन झालं, पण हाड धड जुळलं नाही. दुसरं झालं नाही तर वाफ्यात बसणं जन्माचं संपलं, असं डॉक्टरनं तोंडावर सांगितलं होतं. खर्च मिळायचा तर गाडीच्या विम्यातूनच. नवरा रूपराव वकिलाला भेटून आले होते. गाडीचा फुल विमा आहे, आत बसलेल्यांनाही तो लागतो, दावा टाकला आहे, असं वकील म्हणाला.

मग गाडीचे पैसे चटकन आले नि माणसाचे का अडले? इथंच कुठंतरी पाणी मुरतंय, हे बाईनं पक्कं धरलं.

त्यात धनंजय रोज यायचा, काकू काकू करायचा, आणि जाताना एकच बजावायचा. विमावाला येईल, त्याच्यापुढे वांग्यांचं नाव काढू नका. ही वांगी म्हणजे काय, तर बाजाराला उतरताना बाई दर खेपेला त्याच्या डिक्कीत वांग्यांची एक पिशवी ठेवायची. बाणाच होता तिचा, कोणाच्या गाडीत फुकट बसायचं नाही. गावात सगळेच असं काहीबाही ठेवतात, कोणी मेथी, कोणी लिंबं. त्यात लपवायचं काय? तो समजावू लागला की बाई भिंतीकडे तोंड फिरवायची.

"मनात काई नसतं तं असं पढवून ठेवलं असतं का त्यानं?" ती रूपरावांना म्हणाली.

मग विम्याचा माणूस आला, प्रफुल नावाचा. काय गोड माणूस! चपला बाहेर काढल्या, मावशी म्हणाला, चहा आवडीनं प्यायला, वाडीतल्या वांग्यांचं कौतुक केलं. बोलणं भरून घेतो म्हणून मोबाइल खाटेवर ठेवला. अपघात कसा झाला ते ऐकून घेतलं. मग अगदी सहज विचारल्यासारखं, धनंजय गाडीत बसवायचे काय घेतो, असं विचारलं.

बाईला तेच तर हवं होतं. धनंजयची लपवाछपवी आज चव्हाट्यावर आणायचीच, असं तिनं ठरवलं होतं.

"फुकट नाई बसत मी कोणाच्या गाडीत. दर खेपेले वांगे देतो त्याले."

"म्हणजे भाड्याऐवजी?" प्रफुलनं विचारलं.

"हो, भाडंच समजा."

प्रफुलनं मोबाइल उचलला. दुसरा कप चहा नको म्हणाला, आणि चपला घालताना मावशी म्हणायचंही विसरला.

संध्याकाळी धनंजय आला तेव्हा बाईनं तोऱ्यात सगळं सांगितलं. तो उंबऱ्यावरच बसला. खासगी गाडीचा विमा फुकट बसलेल्याला लागतो, भाडं देऊन बसलेल्याला नाही, असं त्यानं हळू आवाजात सांगितलं. कंपनी आता तेवढंच धरून बसणार. कोर्टात भांडता येईल, पण निकाल कधी लागेल कोण जाणे, आणि पाय तर तोवर थांबायचा नाही. ज्याच्यावर इतके दिवस संशय घेतला, तो तिच्याच पायासाठी जिवाचा आटापिटा करत होता.

"मले आधी काऊन नाई सांगतलं रे?"

"रोज सांगून राह्यलो होतो, काकू. तुमी भिताडाकडे तोंड फिरवत."

बाई पदर तोंडाला लावून रडली. तिला स्वतःचीच लाज वाटली. धनंजय रागावला नाही. सोमवारी दवाखान्यात न्यायला गाडी घेऊन येतो, असं म्हणून तो उठला. रूपरावांनी सवयीनं वांग्यांची भरलेली पिशवी पुढे केली. एरवी हसत घेणाऱ्या धनंजयनं हात मागे घेतला.

"नाई काका. आता हे भाडं झालं."

तो निघून गेला, आणि पिशवी उंबऱ्याशीच राहिली.