चाळीस अंश

अंगठा वर करून हात पुढे धरला, की शर्मिष्ठाचा उजवा तळवा तिथून चाळीस अंश वळे. पुढे नाही. पूजेला तीर्थ घेताना पळीतलं पाणी करंगळीवरून निसटून जाई, म्हणून ती कोपर अंगाशी घट्ट धरून सबंध अंगच उजवीकडे कलतं करी. बघणाऱ्याला वाटे, बाई फार भाविक आहे.

चाळीस हा आकडा अंदाजाचा नव्हता. घरात कुणी नसताना मुलाच्या, मिहिरच्या कंपासपेटीतला कोनमापक घेऊन तिने तो चार वेळा मोजला होता. दोन वर्षांत चाळीसचे एकेचाळीस झाले नव्हते.

तीन वर्षांपूर्वी मार्वेहून बोटीत स्कूटर चढवून ती आणि तिचा नवरा हर्षद मनोरीला गेले होते. वाळू साचलेल्या एका वळणावर हर्षदची स्कूटर घसरली. मागे बसलेल्या शर्मिष्ठाने पडताना हात टेकला आणि मनगट मोडलं. प्लास्टर निघालं तेव्हा हाड जुळलं होतं, पण वाकडं. पुढच्याच महिन्यात हर्षदने स्कूटर विकून टाकली. त्या वळणाबद्दल तो कधी बोलला नाही. रोज संध्याकाळी टबात कोमट पाणी घ्यायचं, मूठभर मीठ टाकायचं, बायकोचा हात त्यात धरून हळूहळू वळवायचा, एवढं मात्र त्याने एक दिवसही चुकवलं नाही.

"आज जास्त वळला ना गं?"

"हो, जरासा," ती म्हणे.

हे आपोआप वळणार नाही, हाड पुन्हा कापून सरळ बसवावं लागेल, असं डॉक्टरांनी दोन वर्षांपूर्वीच सांगितलं होतं. त्या दिवशी ती एकटी गेली होती. दार उघडणाऱ्या हर्षदचा चेहरा बघून ती म्हणाली होती, "व्यायाम चालू ठेवा म्हणाले."

शर्मिष्ठा अंधेरीच्या ऑफिसात परदेशी दवाखान्यांचे कागद वाचून प्रत्येक दुखण्याला ठरलेला कोड लावत असे. मोडलेल्या हाडाच्या कोडचं शेवटचं अक्षर महत्त्वाचं. हाड अजून भरून येत असेल तर डी. भरून आलं, पण मागे त्रास उरला, तर एस. एस लावताना क्रमही ठरलेला होता. आज काय त्रास आहे ते आधी लिहायचं, तो कुठल्या दुखापतीमुळे उरला ते त्यानंतर. सोळा वर्षांत कितीतरी नव्या मुलींना तिने हे शिकवलं होतं.

मंगळवारी तिच्या फाइली तपासणारी अनुपमा खुर्ची सरकवत जवळ आली.

"शर्मे, ही तुझीच ना? तू डी लावलायस."

"मग?"

"बाई शिडीवरून पडली त्याला चार वर्षं झाली. चार वर्षं हाड भरतंय? उड्डाणपूल आहे का यार, काम चालू आहे म्हणायला?"

शर्मिष्ठाने कागद पुन्हा वाचला. हाड वाकडं जुळलेलं. तळवा पुरता वळत नाही. डॉक्टरांचं मत स्वच्छ लिहिलेलं होतं. त्याखाली एक ओळ होती: रुग्ण म्हणते, वेळ लागेल पण होईल. त्या ओळीवर विसंबून तिने डी लावला होता. नव्या मुलीने असं केलं असतं तर तिने समोर बसवून विचारलं असतं, आपण कुणाचं निदान लिहितो, डॉक्टरांचं की रुग्णाच्या आशेचं?

"अजून दोन सापडल्या," अनुपमा आवाज उतरवून म्हणाली. "तिन्ही मनगटाच्याच. बाकी तुझं कधी काही चुकत नाही." तिची नजर शर्मिष्ठाच्या हातावर क्षणभर थांबली आणि परत कॉम्प्युटरच्या पडद्याकडे गेली. "चल, चहा घेऊ."

चहा झाल्यावर शर्मिष्ठाने तिन्ही फाइली दुरुस्त केल्या.

संध्याकाळी कांदिवलीला ती घरी पोचली तेव्हा मिहिर क्लासला गेला होता. हर्षद बाह्या दुमडून टबापाशी बसला होता.

"ये लवकर. गार होतंय."

ती आत गेली, कोनमापक घेऊन आली आणि त्याच्या हातात दिला. अंगठा वर करून हात पुढे धरला, जमेल तेवढा वळवला.

"मोज."

त्याने चष्मा सारखा केला, वाकून दोनदा मोजलं. "चाळीस."

"दोन वर्षांपूर्वीही चाळीसच होते. टबाने वळणार नाही, हे डॉक्टरांनी तेव्हाच सांगितलं होतं. मी तुझ्यापासून लपवलं."

हर्षदने कोनमापक जमिनीवर ठेवला.

"त्या वळणावर मी जर जरा हळू…"

"त्याबद्दल बोलू. नक्की बोलू, पण नंतर." तिने ओणवी होऊन टब बाजूला सरकवला. "आधी आजचं. हा हात एवढाच वळतो, हर्षद, आणि मी ऑपरेशन करून घेणार आहे."