काहिलीवरचा हात

"उजव्या आकड्याला इकबाल न्हाय पायजे! दुसरा कुणीतरी बोलवा!" पिराजीआण्णा बाजेवरून ओरडला, आणि गुऱ्हाळावरची सगळी माणसं त्याच्याकडं बघायला लागली.

आता या घटकेला दुसरा आणायचा कुठून? नेमलेला गडी तापानं आडवा झालेला, आणि काहिलीतला रस पिवळाधमक होऊन फुगे सोडत होता. कृष्णातनं गार पाण्यात बोटं बुडवली, पाकाची चिमूट उचलली, गोळी वळून बघितली. अजून जरा मऊ होती. दोनचार मिनिटं, बास. त्यापुढं गूळ करपला, तर गुळव्या म्हणून त्याची ही पहिली काहिल शेवटचीच ठरणार होती.

हे काम मिळायलाच त्याला एकवीस वर्षं लागली होती. साखळीनं वर उचललेली काहिल दोघांनी दोन अंगांनी आकडे लावून धरायची, गूळ निववायच्या वाफ्यावर न्यायची आणि ओतायची, ही इथली रीत. एकवीस वर्षांपूर्वी याच गुऱ्हाळावर डाव्या आकड्याला त्याचा बाप आकाराम होता आणि उजव्याला माणूस कमी म्हणून खुद्द मालक, पिराजीआण्णा. काहिल कलंडली. आकारामचा हात भाजून वाकडा झाला आणि वाफ्यापाशी उभा असलेला गडी खिजर एका पायानं कायमचा अधू झाला. आकारामचाच हात सुटला, असं खिजरनं स्वतः सांगितलं. भाजलेला माणूस खोटं कशाला बोलेल? तेव्हापासून कोडोलीच्या आसपासच्या एकाही गुऱ्हाळावर आकारामच्या पोराला कुणी काहिलीपाशी उभं केलं नाही. खिजरचा पोरगा इकबाल तर त्यांच्या दारावरून जाताना थुंकायचा. गेल्या पावसाळ्यात खिजर वारला, तेव्हा मातीला आलेल्या आकारामला इकबालनंच दारातून परत पाठवलं होतं.

पंधरा वर्षं बंद पडलेलं हे गुऱ्हाळ यंदा उघडलं आणि साफसफाई सुरू झाल्यापासून एक चमत्कारिक प्रकार घडायला लागला. पूर्वी ज्या जागी कुणाच्या अंगाला जे जाणवलं असेल, ते तिथं उभं राहणाऱ्याला दहावीस श्वासांपुरतं जाणवायचं. चुलवाणापाशी बसलं की कोरड्या पाठीवर कुठल्यातरी जुन्या पावसाची शिरशिरी यायची. घाण्यापाशी मानेला बैलाचा गरम श्वास लागायचा, आणि बैल तर केव्हाच मेलेला. पहिले दोन दिवस माणसं घाबरली, मग सरावली. "जुनं हाय, जाऊ दे," म्हणायचं आणि हातातलं काम करत राहायचं.

डाव्या आकड्याची जागा झाडताना कृष्णातच्या तळव्यात आग उठली होती. त्यानं ते कुणाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर काम गेलं असतं, आणि डावा आकडा तर त्यालाच धरायचा होता. काही झालं तरी हात सोडायचा नाही, एवढं त्यानं ठरवलं होतं, पण मनातून चांगलाच टरकला होता.

ट्रॅक्टरवरून ऊस घेऊन आलेल्या इकबालनं एव्हाना आकडा उचललाही होता. "का नगं, आण्णा? मला काय भ्या वाटतंय व्हय? फकस्त ह्येला सांगा, बासारखा हात सोडू नगंस म्हनावं."

"तू तुझा सांभाळ," कृष्णात म्हणाला. चिपाडाच्या ढिगापाशी बसलेल्या आकारामकडं त्यानं मुद्दामच बघितलं नाही.

पुढची गोळी दगडावर टणक वाजली. "उचला!"

साखळी करकरली. काहिल वर आली, दोघं पावलापावलानं वाफ्याकडं सरकायला लागले, आणि निम्म्या वाटेत कृष्णातचा तळवा पेटला. मनगटापर्यंत कातडी सोलून निघतेय असं वाटलं. डोळ्यांपुढं अंधारी आली. "जुनं हाय, जाऊ दे, जुनं हाय," तो दातांत पुटपुटत राहिला. आणि त्या आगीतच त्याला दुसरं काहीतरी कळलं. बोटं उघडत नव्हती. ती आणखी आवळत होती. त्यानं आवळायच्या आधीच आवळत होती. ही पकड त्याची नव्हती, बापाची होती.

मग सुटला तो हात कुणाचा?

त्यानं मान वर केली. पलीकडं इकबालचे डोळे मिटत चालले होते. मान छातीवर आली होती, आकडा बोटांतून घसरत होता. काहिल उजवीकडं कलली. पाक काठावर येऊन थरथरला.

"इकबाल्या! डोळं उघड! जुनी हाय ती झोप! तुजी न्हाय ती! धर!"

इकबालनं दचकून ओठ चावला. ओठातून रक्त आलं, पण बोटं आवळली गेली. दोघांनी कशीबशी काहिल वाफ्यावर नेली आणि रिकामी केली. गूळ सोन्यासारखा पसरला. फावडं घेऊन गडी तो फिरवायला लागले.

इकबालनं आकडा खाली टाकला. "म्या रातभर झोपलोय. सकाळी आठला उठलोय. मग ही झोप कुणाची?" त्यानं हळूच मान वळवली. "उजव्या आकड्याला कोण हुतं, आण्णा?"

पिराजीआण्णानं खाली बघितलं. "तीन रात्री जागलो हुतो रं," तो म्हणाला. "कवा डोळा लागला, कळलंच न्हाय."

इकबाल तरातरा आकारामपुढं गेला आणि मातीत बसला. त्यानं म्हाताऱ्याचा वाकडा हात धरला आणि पोरासारखा रडला. "तात्या, तुमचा हात सुटलाच न्हवता. माज्या बाला ह्ये ठावं न्हवतं वो."

"ठावं हुतं," आकाराम म्हणाला. "समोरच हुता त्यो. आण्णाला पेंगताना त्येनं बघितलं. पर पायानं अधू झालेला गडी, घरात तुमी तीन पोरं. आण्णाचं नाव घेतलं असतं तर आण्णानं कामावर ठेवला असता व्हय त्येला? दवाखान्यात म्याच म्हनलं, माजं नाव सांग. माजा हात तसाबी कामातनं गेलाय. आन पोरांनाबी सांगू नगंस."

"आन म्या तुमास्नी मातीच्या दिशी दारातनं..."

"तवाच कळलं मला, खिजरनं शबुद पाळला."

कृष्णातचा तळवा अजून ठणकत होता. जवळ येऊन तो बापावर खेकसला, "आन माजं काय? एकवीस वर्सं लोकांनी मला काहिलीला हात लावू दिला न्हाय. मला तरी सांगायचं हुतं की, आबा!"

"तू बोलला असतास," आकाराम म्हणाला.

बाप खोटं बोलत नव्हता. इकबाल पहिल्यांदा दारात थुंकला, त्याच दिवशी हे सगळं कृष्णातनं चारचौघांत त्याच्या तोंडावर फेकून मारलं असतं.