निम्मं निम्मं

दहाव्या मात्रेवर धाकटीने श्वास घेतला आणि काचेपलीकडे संगीतकाराचा हात पुन्हा वर झाला.

हेडफोनमधलं संगीत मध्येच तुटलं. मग त्याचा आवाज आला. तो चिडलेला नव्हता. चिडला असता तर बरं झालं असतं, असं धाकटीला वाटलं.

"त्याच जागी सूर तुटतोय. दोघी एकदम श्वास घेताय."

हा सातवा टेक होता. बत्तीस मात्रांचा एकच सूर, नुसता 'आ', तोही संथ लयीत. एवढा सूर एका दमात ओढणं माणसाच्या छातीचं काम नव्हे, म्हणून कोरसमधल्या बायका आळीपाळीने श्वास घेतात. एक थांबते तेवढ्यात दुसरी धरून ठेवते आणि ऐकणाऱ्याला वाटतं, सूर अखंड आहे. पूर्वी अशा आठ जणी उभ्या असत. आता दोघीच गातात आणि त्यांचेच आवाज चार वेळा घेऊन एकावर एक चढवले जातात.

बावीस वर्षं धाकटीला श्वासाची काळजी करावी लागली नव्हती, कारण डाव्या हाताला थोरली असायची. दोघी काही सख्ख्या बहिणी नव्हत्या. एका माइकसमोर उभ्या राहून राहून स्टुडिओनेच ही नावं पाडली होती. धाकटी आता बावन्न वर्षांची झाली होती, जिना चढताना गुडघ्याला हात लावत होती, तरी धाकटीच होती. पहिल्या दिवशी तिने घाबरत विचारलं होतं, एवढा दम कुठून आणायचा? तेव्हा थोरली म्हणाली होती, "दम संपला की खुशाल श्वास घे. तेवढं मी सांभाळते. निम्मं निम्मं करू." तेव्हापासून अशा सुरात धाकटीची छाती दहावर आणि बावीसवर आपोआप उघडायची. सूर कधी तुटला नव्हता.

आता डाव्या हाताला कोणी नव्हतं, आणि थोरलीशिवाय असा लांब सूर आज पहिल्यांदाच आला होता. नवी उजवीकडे उभी होती. चोवीस वर्षांची, गोड गळ्याची, आणि डोळे सारखे धाकटीच्या तोंडाकडे. मोठ्यांचं पाहून शिकावं, या भाबड्या समजुतीने ती धाकटीबरोबरच श्वास घेत होती.

"ताई, मग मी कुठे घेऊ?" तिने विचारलं.

धाकटीने आपलीच श्वासाची जागा बदलून पाहिली. मनाशी बाराचा आकडा पक्का धरला, पण दहा आले की छाती उघडायचीच. जित्याची खोड म्हणतात ती हीच.

"उद्या अकराला बघू," संगीतकार म्हणाला. मग जरा आवाज उतरवून, "ताई, उद्याही नाही जमलं तर तेवढा सूर मी मशीनवरून घेईन. वाईट वाटून घेऊ नका."

धाकटीने मान डोलावली. एक सूर मशीनवरून आला की दुसराही येतो, आणि मग फोन यायचे थांबतात, हे तिने इतर सहा जणींच्या बाबतीत पाहिलं होतं.

थोरलीचं घर तिथून दोन बसथांब्यांवर होतं. गेल्या आठ महिन्यांत धाकटी तिथे गेली नव्हती. गाठ निघाली, ऑपरेशन झालं, थोरलीचं स्वरयंत्र काढावं लागलं. एकदा ती हॉस्पिटलात जाऊन आली होती, पण थोरली गुंगीत होती. त्यानंतर रोज उद्यावर ढकललं. कोणत्या तोंडाने जायचं, हाच प्रश्न होता, कारण त्याच तोंडाने ती रोज गात होती. आज मात्र पाय आपसूक तिकडे वळले.

दार थोरलीनेच उघडलं. गळ्याला पातळ सुती रुमाल बांधलेला, त्याखालच्या छिद्रातूनच आता तिचा श्वास चालायचा. वाळली होती, पण डोळे तेच होते, मिस्कील. तिने टेबलावरची पाटी घेतली, काहीतरी लिहिलं आणि समोर धरली.

'मला वाटलं, वाचा तुझीच गेली.'

धाकटी हसली आणि हसता हसता रडायला लागली. थोरलीने तिला रडू दिलं. मग आत जाऊन पाणी आणून ठेवलं, कोमट, रेकॉर्डिंगच्या आधी आणायची तसं.

"तुझ्याशिवाय श्वास घेता येत नाही गं मला."

थोरलीने भुवया उंचावल्या आणि आपल्या रुमालाकडे बोट दाखवलं. म्हणजे, हे मला सांगतेस?

"गाताना म्हणतेय मी, बये," धाकटी नाक पुसत म्हणाली आणि सकाळचं सगळं सांगितलं. नवीचं, सात टेकचं, मशीनचं. थोरलीने ऐकून घेतलं, पाटी पुसली आणि एकच अक्षर लिहिलं.

'गा.'

"आत्ता? तुझ्यासमोर?"

थोरलीने त्या अक्षरावर बोट आपटलं.

धाकटीने सूर लावला. थोरली बोटाने टेबलावर मात्रा मोजू लागली. आठ, नऊ, दहा. छाती उघडली, सूर थांबला, आणि खोलीत बोटाची टकटक तेवढी उरली. धाकटीने समोर पाहिलं. थोरलीचं तोंड उघडं होतं. मान जराशी कललेली, माइकसमोर असायची तशी. गळ्यावरचा रुमाल हळूहळू बाहेर फुगत होता. आवाजाचा मागमूस नव्हता, तरी ती गात होती, यात शंका नव्हती. तो जाडसर, उबदार आवाज आपल्या डाव्या कानाला पुन्हा एकदा, फक्त एकदा ऐकू यावा, असं धाकटीला फार वाटलं. मग तिने सूर पुन्हा उचलला. सोळाव्या मात्रेला रुमाल झर्रकन आत ओढला गेला आणि लगेच पुन्हा फुगू लागला. बावीसला धाकटी पुन्हा थांबली. थोरली थांबली नाही. बत्तिसाव्याला दोघींनी एकदम तोंड मिटलं.

"तुटला ना?" धाकटीने विचारलं.

'तुझा तुटला,' थोरलीने लिहिलं. 'माझा नाही.'

मग पाटी पुसून तिने सावकाश, शाळेतल्या अक्षरात लिहिलं, 'उद्या माझं गा. तुझं तिला दे.'

दुसऱ्या दिवशी अकराला धाकटी माइकसमोर डावीकडे, थोरलीच्या जागेवर उभी राहिली आणि नवीला तिने आपल्या जागेवर ओढलं.

"दहाला श्वास घ्यायचा आणि बावीसला. बिनधास्त. माझ्या तोंडाकडे बघायचं नाही."

"आणि तुम्ही?"

"माझं मी बघते."

संगीत सुरू झालं. धाकटीने डोळे मिटले. दहा आले तशी छाती उघडू पाहू लागली. तिने डोळ्यांपुढे तो रुमाल आणला, बाहेर फुगणारा, आणि छातीला दाबून धरलं. शेजारी नवीने श्वास घेतला. तेवढा क्षण सगळा सूर धाकटीच्या एकटीच्या अंगावर आला. बारा, तेरा. बरगड्यांखाली ताण बसला. पंधरा. सोळाला तिने मिळाला तेवढा श्वास ओढला, अर्धामुर्धा, कारण नवीचा आवाज कोवळा होता आणि त्याला फार वेळ एकटं सोडणं बरं नव्हतं. पुढे अजून सोळा मात्रा होत्या. बावीसला नवी पुन्हा थांबली. सव्विसाव्याला धाकटीचं पोट थरथरू लागलं आणि तेव्हा कुठे तिच्या लक्षात आलं. नवीचे दोन श्वास झाले होते. आपल्या वाट्याला एकच होता, तोही चोरून घेतलेला. बावीस वर्षं हे असंच चाललं होतं, आणि थोरली तिच्याहून नऊ वर्षांनी मोठी होती. इतकी वर्षं खांद्याला खांदा लावून उभं राहून तिने शेजारणीचे श्वास कधी मोजले नव्हते.

बत्तीस. काचेपलीकडचा हात वर झाला नाही.

"आला," संगीतकार म्हणाला. "अखंड आला. आता असेच अजून तीन द्या."

धाकटी कुशीवर हात दाबून उभी होती. नवीने हेडफोन एका कानावरून सरकवला. तिचे गाल लाल झाले होते.

"ताई, मी उगाच घाबरत होते. एवढं अवघड नाहीये की. तुमचंही एवढंच असतं ना?"

धाकटीने कुशीवरचा हात काढून घेतला.

"एवढंच," ती म्हणाली. "निम्मं निम्मं."