भुईकानावरचा आळ

मी भुईकान बोलतोय. भुईला कान लावून आतलं पाणी ऐकणारा. दिसायला मी हातभर लांबीचा काशाचा कर्णा. खालचं तोंड ताटलीएवढं रुंद, वरचं टोक कानात बसेल इतकं निमुळतं. जमिनीवर टेकवलं की खडकाखालचं पाणी माझ्या अंगातून हुंकारतं. टोकाला कान लावील त्यालाच ते ऐकू येतं. पाणी जितकं खोल, तितका हुंकार जाड. पाणी नसलं तर मी गप्प. खोटं बोलायची सोय माझ्यात नाहीच.

नेवाशाच्या खाली, प्रवरेच्या काठी आमची नादशाळा होती. नादाचे पंडित तिथे शिकत आणि आम्हा वाद्यांना सांभाळत. एक झांज होती, ती झाडाजवळ वाजवली की झाडाचं वय कळे. एक शंख वीस कोसांवरचा पाऊस सांगे. सहादेव कासाराने मला साच्यातून काढलं, नदीच्या वाळूवर टेकवलं आणि कान लावला. मी पहिल्यांदा हुंकारलो. म्हातारा नुसता "बोलला!" म्हणाला आणि डोळे पुसायला लागला.

शिक्षण पुरं झाल्यावर राधाकृष्णशास्त्री मला घेऊन पाथर्डीकडच्या आपल्या वाडीत आले. तीस वर्षं आम्ही दोघांनी त्या कोरड्या मुलखात विहिरी दाखवल्या. ते आपल्या उपरण्यात मला गुंडाळत. जेवायला बसले तरी मी पाटाशेजारी. हौसेने त्यांनी बायकोलाही, मुक्ताबाईंना, माझे हुंकार ओळखायला शिकवलं होतं. "तू बोल, मी ऐकतो," असं ते मला म्हणत. त्या शब्दावर मी जगलो.

मग त्यांचे कान गेले. एकदम नाही. आधी मुक्ताबाई चुलीपुढून हाक मारत, तर ते वळून बघत नसत. पुढे मी हुंकारलो तरी त्यांच्या चेहऱ्यावर काही उमटेना. तरी ते मान डोलवत. आपल्याला ऐकू येत नाही, हे त्यांनी कुणाला सांगितलं नाही. मला वाटायचं, आज ना उद्या सांगतील.

बहात्तर साल उजाडलं. वाडीच्या विहिरींना तळ दिसू लागला. गावचे कारभारी आण्णा दारात येऊन उभे राहिले.

"बुवा, पोरीबाळी तीन कोसांवरून पानी आनत्यात. लंकाबाईची सून पोटुशी हाय, ती काल वाटंतच बसली. तुमचा भुईकान म्हनंल तितं खोदू. सगळी वाडी राबंल."

अख्खी वाडी आमच्या मागे निघाली. लंकाबाईच्या बांधावर शास्त्रींनी मला टेकवलं आणि मी अंगभर थरथरलो. चाळीस फुटांवर गोडं पाणी! मी जीव तोडून हुंकारलो. शास्त्रींनी कान लावला, उचलला आणि ते पुढे चालू लागले. दोन शेतं ओलांडून एका माळावर मला ठेवलं. तिथे खाली नुसता काळा खडक. मी गप्प होतो.

त्यांनी हात वर केला. "इथंच!"

वीस दिवस वाडी राबली. सुरुंग उडाले, बायांनी डोक्यावरून दगड वाहिले. लंकाबाईंच्या हाताची सालपटं निघाली. पन्नास फुटांवरही खडक कोरडाच.

"बुवा, आता?" कारभारी आण्णांनी विचारलं. त्यांना मोठ्याने विचारावं लागलं, दोनदा.

शास्त्रींनी सगळ्यांकडे पाहिलं. 'मला ऐकू येत नाही', एवढे चारच शब्द होते. मी वाट पाहत होतो.

"भुईकान खोटा निघाला," ते म्हणाले. "याचं काशं मेलंय." आणि त्यांनी मला दगडावर आपटलं. माझ्या कडेला पोचा आला.

"मग आमी वीस दिस खडक फोडला, त्यो ह्या भांड्यापायी?" लंकाबाई माझ्यावर थुंकल्या.

मुक्ताबाई तिथेच होत्या. त्यांना सगळं ठाऊक होतं. त्यांनी तोंडाला पदर लावला. आपटल्याचं मला तितकं लागलं नाही, जितकं ते गप्प राहणं लागलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी त्या मला पदराखाली घेऊन लंकाबाईच्या बांधावर आल्या. टेकवलं, कान लावला. त्यांचे डोळे भरून आले. मला वाटलं, सुटलो! आता ही वाडीला खरं सांगणार.

त्या देवळापुढच्या पारावर गेल्या. मी पदराखालीच.

"आण्णा, रात्री देवी सपनात आली. लंकाबाईच्या बांधावर खोदा म्हनली."

दमलेली माणसं हलेनात. पहिली कुदळ लंकाबाईंनीच उचलली. "मरायचं तर खोदून मरू," त्या म्हणाल्या. पंधराव्या दिवशी, अडतीस फुटांवर झरा फुटला. सून हंडा घेऊन हळूहळू बांधावर आली, तेव्हा माणसं रडत होती. मीही आनंदलो, खोटं का बोलू? मग देवीची ओटी भरली. शास्त्रींनी पहिला नारळ वाढवला.

घरी आल्यावर मुक्ताबाईंनी कोळशाने जमिनीवर लिहिलं, 'भुईकान खरा होता.' शास्त्रींनी वाचलं. मग पायाने ते पुसलं.

आता मी गोठ्यात आहे, तोंडात चिंध्या कोंबलेला. उद्या मला भिंगारच्या बाजारात मोडीला नेणार आहेत. मघाशी मुक्ताबाई पोतं घेऊन आल्या. माझा पोचा त्यांनी अंगठ्याने चोळला.

"त्यांची लाज राखली रे मी," त्या पुटपुटल्या. "तुझी न्हाई राखता आली."

मला वितळायचं भय नाही. काशाचं पुन्हा काहीतरी होईलच. पण त्या विहिरीचं पाणी पिणाऱ्या एकाने तरी, फक्त एकदा, मोठ्याने म्हणावं की भुईकान खोटं बोलला नव्हता.

मुक्ताबाई पोत्याचं तोंड बांधताहेत. तुम्ही म्हणाल?