सावलीचा गवंडी

“उठा गं सगळ्या, उनात सरका. निंगप्पाअण्णाला काम करू द्या,” गुरम्मा म्हणाली, आणि दुधनी गावातल्या चिंचेखाली टेकलेल्या सातआठ बाया गाठोडी उचलून खरोखरच उन्हात जाऊन उभ्या राहिल्या.

निंगप्पा गांगरला. भांडण होईल, शिव्या बसतील, अशी मनाची तयारी करून तो सोलापूरहून सकाळच्या एसटीने आला होता.

निंगप्पा सावलीचा गवंडी. भर दुपारी झाडाची परवानगी घ्यायची, जमिनीवरची सावली थापीने अलगद खरवडून घमेल्यात भरायची आणि चिखलात कालवून भिंत उचलायची. अशा भिंतीच्या खोलीत मे महिन्यातही पांघरूण लागे. फक्त ते झाड पुन्हा कधी सावली धरत नसे. एकदा करमाळ्यात त्याने घाईघाईत ढगाचीच सावली वापरली. त्या घरातला गारवा अजून एका खोलीत थांबत नाही. घरची मंडळी गाद्या काखोटीला मारून त्याच्यामागे फिरतात.

चाळीस वर्षं लोकांची घरं गार करून स्वतः मात्र तो बायकोसह पत्र्याच्या खोलीत राहिला. “फुडच्या उन्हाळ्यात आपली भिंत,” असं दरवर्षी बसव्वाला सांगायचा. तोवर गल्लीतले सगळे कडुनिंब दुसऱ्यांच्या भिंतींत गेले. आता बसव्वा अंथरुणाला खिळली होती. हा उन्हाळा तिला सोसायचा नाही, असं डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं होतं. काल ती म्हणाली होती, “माज्या माहेरची चिंच हाय की अजून. तिला इचारून बघा.”

चिंचेने होकार दिला होता. खोडाला हात लावताच वारा नसताना पानं हलली होती. बसव्वाची बालमैत्रीण गुरम्मा तर एका शब्दात तयार झाली होती.

“घे की अण्णा. बसव्वाचंबी झाड हाय ते.”

निंगप्पा वाकला. थापी टेकवली. सावलीची कड सुटून वर आली, ओली, गार. तेवढ्यात समोर कुणाचे तरी पाय दिसले. अनवाणी म्हातारी होती. तापलेल्या मातीवर एक पाय उचलत होती, तो टेकवून दुसरा उचलत होती. त्याने वर पाहिलं तर ती हसली.

“चालू द्या, चालू द्या. आमाला सवय हाय.”

आयुष्यात पहिल्यांदा निंगप्पाला आपल्या हातांची लाज वाटली. झाडाला त्याने दरवेळी विचारलं होतं. खाली बसणाऱ्यांना कधीच नाही. सुटलेली कड त्याने तळव्याने पुन्हा जमिनीवर दाबून बसवली, घमेलं उचललं आणि कुणाकडे न बघता स्टँडवर गेला.

घरी पोचला तेव्हा तीन वाजून गेले होते. बसव्वाने रिकामं घमेलं पाहिलं.

“झाड न्हाय का ऱ्हायलं?”

“हाय की. लई मोटं झालंय. खाली बाया बसल्या हुत्या.”

“कोन कोन?”

“गुरम्मा हुती. बाकीच्या मला काय ठावं?” त्याने घमेलं खाली ठेवलं. “उटून उनात हुबारल्या गं त्या, तुज्यासाटी. मला न्हाय सावली आनवली.”

निंगप्पाला भरपूर रडून घ्यावंसं वाटत होतं.

“बरं केलंत,” ती म्हणाली. “गुरम्माचे केस पिकले का?”

“सगळे.”

ती हसली. पत्रा तडतडत होता. वाऱ्यासाठी दार उघडं ठेवावं लागे आणि त्यातूनच ऊन आत येई. ते आता तिच्या पायांवर चढलं होतं. निंगप्पा उठला आणि बाहेर पाठ करून उंबऱ्यात बसला. त्याची सावली तिच्या गुडघ्यांपर्यंत पडली.

“पाट भाजंल की तुमची.”

“नीज तू.”

तिचा डोळा लागला. ऊन हळूहळू तिच्या तोंडाकडे सरकायला लागलं. तसा निंगप्पाही आवाज न करता बोटभर सरकला.