गारपगाऱ्याची शिंगी

धोंडाबाईंनी कोपऱ्यातल्या रिकाम्या पाटावर कोरडा पंचा ठेवला आणि मग दार उघडलं. संतोष चपला न काढताच आत आला. त्याच्या मागे दिंडोरीच्या बाजूचं आभाळ काळंनिळं झालं होतं.

"काकू, शिंगी काढा. उद्या द्राक्षं तोडायचीत. घड पार भरलेत, साखर उतरलीय."

"आज आठवण झाली व्हय माझी?"

संतोषने मान खाली घातली. गरज सरो नि वैद्य मरो, हा गावाचा जुनाच रिवाज. धोंडाबाईंचा नवरा बहिरू गावचा गारपगारी. आलेली गारपीट परतवणं हे त्याच्या घराण्याचं काम. हरणाच्या शिंगाची वीतभर शिंगी फुंकायची आणि गारेला जागेचं नाव सांगायचं. गार रिकामी माघारी जात नाही, तिला कुठेतरी पडावंच लागतं. बहिरू कायम बोडक्या डोंगराचं नाव घ्यायचा. तिथे कुणी नसतं, असं सगळं गाव म्हणायचं. शेवटच्या खेपेला तिथे एक मेंढपाळ आणि त्याची मेंढरं होती. दुसऱ्या दिवशी बहिरू डोंगरावर जाऊन आला आणि त्याने पुन्हा कधी शिंगी ओठांना लावली नाही. वर्षाच्या आत तो गेला.

गेला म्हणायचं, एवढंच. ढग दाटले की तो येऊन पाटावर बसायचा, नखशिखांत ओला, थरथरत. धोंडाबाईंना त्याची भीती वाटत नसे. कितीही पुसलं तरी तो कोरडा होत नाही, याचं मात्र फार वाईट वाटे.

"काका नसले म्हणून काय झालं? शिंगी तुमालाबी वाजवता येती," संतोष म्हणाला. "डोंगराचं नाव घ्या. तिथं हाय कोण?"

"पेठची माणसं हायेत. तुझ्याच बागंतले मजूर. प्लास्टिक टाकून राहत्यात."

"हां, ती होय." संतोषने मागे वळून आभाळाकडे पाहिलं. "ती काय, पळतील इकडंतिकडं."

पाटावरचा पंचा मधोमध भिजायला लागला होता. संतोषचं तिकडे लक्ष गेलं. त्याने वर पत्र्याकडे पाहिलं. पत्रा कोरडा होता. तो उंबऱ्याकडे सरकला आणि तिथूनच त्याने हात जोडले.

"काकू, लेकरावानी वाढवलीय बाग. एवढी येळ वाचवा."

त्याचे हात कामाने भेगाळलेले होते. धोंडाबाई त्या हातांकडे बघत राहिल्या. त्यांना त्याची कीव आली आणि रागही आला.

"जा तू. बागंत जाऊन उभा राहा."

"डोंगराचं नाव घ्याल ना?"

"तुझ्या बागंत गार येणार नाय. जा म्हणते ना."

संतोष नाला ओलांडून बागेत पोचला तेव्हा वारा अचानक पडला. पाखरंसुद्धा गप्प झाली. मग पलीकडून शिंगीचा बारीक, लांब सूर आला आणि त्यामागून धोंडाबाईंचा आवाज, अगदी स्वच्छ.

"बहिरूच्या घरी ये!"

गार आली. नाल्यापलीकडच्या त्या एकट्या पत्र्यावर ती कोसळत होती आणि इकडे वेलींवर ऊन पडलं होतं. एक घडही हलला नाही. संतोषला आधी आनंद झाला, निखळ आनंद. मग आपल्याला आनंद झाला, याचीच त्याला भीती वाटली. त्याने पलीकडे जायला पाय उचलला, पण तो बागेबाहेर पडेना.

डोंगरावरून मजूर पळत येत होते. डोक्यावर घमेली धरलेल्या बाया, गडी, सगळेच. रोज बागेत विखुरलेली ही माणसं एवढी आहेत, हे त्याला आज कळत होतं. पुढची बाई नाल्याच्या काठावरून ओरडली.

"मालक, त्या घरात कोणी आहे का?"

"आहे," संतोष म्हणाला. पण गारांच्या आवाजात ते त्याचं त्यालाही ऐकू आलं नाही. त्याच्या उत्तरासाठी बाई थांबलीच नव्हती. घमेलं डोक्यावर घट्ट धरून ती गारांत शिरली होती.